बियाचा डोह

"मुलताईच्या कुंडामधी जन्मली गं तापीबाई,
उगवतीला पाठ दिली, मावळतीची तिला घाई..."

फुई गायला लागली की पहिली ओळ संपेपर्यंत आवाज कुठून येतोय तेच कळायचं नाही. वाळूतून येतोय असं वाटायचं. त्या दुपारी ती आमच्या वाडीतल्या तुराट्यांच्या खोपटात बसली होती, गुडघे उभे धरून, डोळे मिटून. बाहेर वैशाखाचं ऊन नदीच्या पात्रावर पांढरं पडलेलं. समोर घडीच्या खुर्चीत टिपणीस साहेब, त्यांच्या मांडीवर नकाशा. माझ्या मांडीवर वही.

"थांबा, थांबा, सुपडाबाई," साहेब म्हणाले. "मुलताई दोनशे मैल मागं राहिली. मला तुमच्या गावाजवळचे डोह सांगा फक्त."

फुईनं डोळे उघडले. "साहेब, नदी मधूनच कशी सुरू होईल? मधून धरली तर मला पुढचं येत नाही."

दाराशी उभा असलेला, साहेबांचं सामान वाहणारा खलाशी हसला. साहेबांनी चष्मा काढून पुसला. "बरं. गा."

ती गायली.

"पूर्णा भेटे चांगदेवी, जशी बहीण माहेरी,
तिनं ओटीत घातली काळी माती वऱ्हाडी.
वाघूर आली, गिरणा आली, दोघी डाव्या हाताच्या,
सुकी, मोर, अनेर साऱ्या सातपुड्याच्या नात्याच्या..."

साहेबांचं बोट नकाशावर तिच्या आवाजामागून सरकत होतं. एकदाही अडलं नाही. मी गेल्या वर्षीच भूगोल घेऊन बी. ए. झाले होते, आमच्या भोईवाड्यातली पहिली. वर्गात तापीच्या उपनद्या विचारल्या तेव्हा मी मनातल्या मनात हेच गाऊन उत्तर लिहिलं होतं. मास्तरांना वाटलं पोरगी पुस्तक पाठ करून आली.

फुई म्हणजे माझ्या वडलांची बहीण. आई गेल्यावर तिनंच मला वाढवलं. तिला लिहिता येत नव्हतं, पण भोईवाड्याचा नकाशा तिच्यापाशी होता. पावसाळ्यात तापी काठ भरून वाहते आणि पात्रातली सगळी वाळू हलवून टाकते. मागच्या वर्षीच्या खुणा पुढच्या वर्षी राहत नाहीत. पौषात पाणी उतरलं की नवी वाळू वर येई आणि आमची सगळी घरं त्या वाळूत डांगराच्या वाड्या करायला उतरत. डांगरं म्हणजे खरबुजं. कोणाची वाडी कुठून कुठवर, ते फुई चालत चालत गाऊन सांगे. कोणत्या डोहापासून किती पावलं, कोणत्या खडकाच्या कोणत्या अंगाला. तिच्यामागं माणसं काठ्या रोवत जायची. नदीसुरय पाखरांनी वाळूत अंडी घातली असतील तेवढा तुकडा ती सोडून चाले, आणि त्यावरून कधी कोणी भांडलं नाही.

वैशाखापर्यंत नदी तुटायची. वाहतं पाणी घोट्याएवढं, आणि ठिकठिकाणी डोह. तेच डोह मोजायला साहेबांची तुकडी गिरणेच्या संगमापासून खाली निघाली होती. मी त्यांच्याकडे महिन्याभरापुरती नोंदी लिहिणारी म्हणून लागले होते. नदीच्या खोऱ्याचा मोठा नकाशा होणार, त्यात आपल्या गावचं पाणी येणार, एवढंच मला माहीत होतं. तेवढ्यानंच माझे पाय जमिनीवर नव्हते.

"हत्तीडोह," साहेब यादी करत होते. "सासूचा डोह. मग घंटीचा."

"घंटीच्या गं डोहामधी वाम फिरे घरोघर," फुई गायली, "करंजीच्या डोहावर सावलीचं छप्पर..."

साहेबांचं बोट थांबलं. मग मागं आलं. पुन्हा पुढं गेलं.

"सुपडाबाई, घंटीनंतर एकदम करंजी? मधे मैलभर जागा आहे. तिथं काय आहे?"

"तिथं नदी आहे," फुई म्हणाली.

खलाशी पुन्हा हसला. साहेब हसले नाहीत. त्यांनी फक्त एकदा माझ्या वहीकडं पाहिलं, आणि मी वही मिटली. कारण घंटी आणि करंजीच्या मधला तो डोह माझ्या वहीत अकराव्या पानावर होता. नाव, जागा, खोली. माझ्याच अक्षरात.

तीन दिवसांपूर्वी तुकडी वरच्या गावात होती, आणि मी सुट्टीला म्हणून घरी आले होते. फुईची होडी मागून घेतली, "करंजीपर्यंत जाऊन येते" म्हणाले. उथळ पाण्यातून होडी ओढत नेली. होडीत तिचाच दोर होता. त्याला फुटक्या पाट्याचा दगड बांधला आणि त्या डोहाच्या मध्यावर सोडला. दोर हातातून सरसर जात राहिला. मी हात मोजत होते. अकरा, बारा, पंधरा. आतापर्यंत आम्ही मोजलेला सगळ्यांत खोल डोह चौदा हातांचा होता. बावीसवर दोर ढिला पडला. मी एकटीच होडीत हसले. माझ्या गावचा डोह सगळ्यांत खोल. सगळ्या वरच्या गावांपेक्षा.

संध्याकाळी होडी परत बांधताना फुईनं दोर हातात घेतला. "हा ओला कसा गं?"

"पडला हातातून."

"बरं," ती म्हणाली, आणि दोर वाळूवर लांब पसरून वाळत घातला.

लहानपणी एकदाच मी तिला त्या डोहाबद्दल विचारलं होतं, की फुई, हा किती खोल? तिनं माझ्या तोंडावर हात ठेवला होता. जोरात. तिचा हात माझ्या अंगावर तसा पुन्हा कधी पडला नाही.

*

"गाणं झालं असेल तर माझंही ऐका," दौलत नाना म्हणाले.

दौलत नाना तालुक्यातले मोठे ठेकेदार. रस्ते, खडी, बांधकामं. साहेबांच्या जीपमधून तेही आले होते आणि इतका वेळ खोपटाच्या खांबाला टेकून दात कोरत उभे होते. ते सर्वेक्षणात कशाला, हे मला कोणी सांगितलं नव्हतं.

"साहेब, माझं म्हणणं एवढंच, यादी वीस तारखेच्या आत गेली पाहिजे. सात हातांवरचे सगळे डोह यादीत. यादी लागली की मासेमारीचा लिलाव. पाऊस पडायच्या आधी काम उरकतं."

"कसलं काम, नाना?" मी विचारलं. 

"अगं, तूच लिहितेस ना यादी? आणि मलाच विचारतेस?" नाना हसले. "वैशाखात मासा कुठं जातो? डोहात. आजूबाजूला पाणीच नाही. परातीत वाढून ठेवल्यासारखा. सुरुंगाच्या दोन कांड्या टाकल्या की वर येतो. जाळंसुद्धा लागत नाही."

साहेब नकाशा गुंडाळत होते. "नाना, ते बेकायदा आहे. माझ्यासमोर बोलू नका."

"तुमच्यासमोर कुठं करतोय, साहेब."

फुई उठली. पदर झटकला. तिनं माझ्याकडं पाहिलं नाही, नानांकडं पाहिलं नाही. बाहेर वेलांमध्ये जाऊन वाकली आणि पिकलेली डांगरं चाचपायला लागली. पाहुण्यांना दिल्याशिवाय पाठवायचं नसतं, मग ते कोणीही असोत.

तिच्यामागं खलाशी गेला. त्याला एक मोठं डांगर दिसलं, आळ्याच्या अगदी मुळाशी, देठाला लाल चिंधी बांधलेलं. त्यानं सुरी काढली.

"त्याला नको," फुई म्हणाली.

"एवढं मोठं ठेवून काय करता, मावशी?"

"ते बियाचं. वेलाचं पहिलं. पुढच्या साली ह्याच्यातनं वाडी उभी राहते."

"म्हणजे किती बिया निघतात एकातून?"

"मोजत नाहीत," फुई म्हणाली. "बियाणं मोजायचं नाही, त्याचं नाव घेऊन बोलायचं नाही. घरात खायला नसलं तरी त्याला हात लावायचा नाही. वाळवायचं, राखेत घालायचं, पौषात मूठ भरून काढायचं."

खलाशानं सुरी मिटली. साहेब खोपटाच्या दारात उभे राहून ऐकत होते. मीही ऐकत होते, आणि हे मी शंभरदा ऐकलेलं होतं. प्रत्येक हंगामात लाल चिंधी मीच बांधायचे. तरी त्या दिवशी मला ते पहिल्यांदा ऐकू आलं.

त्या डोहाला भोईवाड्यात नाव नव्हतं. "तिकडं" म्हणायचे सगळे. तिकडं जाळं टाकत नाहीत. तिकडून आलोय म्हणायचं नाही. आषाढाचं पहिलं गढूळ पाणी आलं की खडस, म्हणजे ते मोठ्या खवल्यांचे सोनेरी मासे, तिकडूनच निघायचे. अनेरच्या तोंडाशी आम्ही पोरं ते बघायला जायचो. पाठी पाण्याबाहेर काढून, दगडांवरून अंग घासत, सातपुड्याकडं चढायचे. वर झऱ्यांत अंडी घालायची आणि खाली यायचं. त्यांची पिलं मग गिरणेत, पांझरेत, बोरीत, कुठं कुठं. सगळ्या खोऱ्यात पोटाला लागणारा मासा वैशाखभर त्या एका डोहात जीव धरून बसलेला असायचा.

मी वहीत नाव लिहिलं होतं, "बियाचा डोह". नाव मीच दिलं होतं. चांगलं वाटलं म्हणून.

*

ऊन कलल्यावर मी साहेबांना गाठलं. ते काठावरच्या बाभळीखाली नोंदी तपासत होते. रोज संध्याकाळी माझ्या वहीच्या प्रत्येक पानावर ते सही करत. अकराव्या पानावर सही झालेली होती.

"साहेब, ती नोंद खोडायची आहे."

"कोणती?"

"तुम्हाला माहीत आहे कोणती."

त्यांनी पेनाला टोपण लावलं. टिपणीस साहेब वाईट माणूस नव्हते. उन्हात चालायचे, आमच्या हातचं पाणी प्यायचे, मला गिरिजाबाई म्हणायचे. मला तोवर कोणी बाई म्हटलं नव्हतं.

"गिरिजाबाई, नोंद खोडत नाहीत. शंका असेल किंवा एकटीनं मोजलं असेल तर पुन्हा मोजतात. पंचांसमोर. आकडा वेगळा आला तर दुसरा लिहायचा."

"आणि आकडाच आला नाही तर?"

"म्हणजे?"

"म्हणजे मोजणीच झाली नाही तर?"

"तर रकाना रिकामा राहील. रिकाम्या रकान्याचा लिलाव होत नाही." त्यांनी वही माझ्याकडं सरकवली. "पण मोजणी होईल. उद्या सकाळी. नाना पंच आणतायत."

मी वाडीवर आले तेव्हा फुई चुलीला काटक्या लावत होती.

"उद्या तिकडं मोजणार आहेत," मी म्हणाले.

"कळलं."

"सरकारकडं दुर्बिणी असतात, फुई. विमानातून फोटो काढतात. त्यातनं कळलं असेल त्यांना."

"असतील," ती म्हणाली. तिनं भाकरी उलटली. "विमानातून दोर सोडतात का गं?"

 तेव्हाच सांगायला पाहिजे होतं. तिच्या समोर बसून तिच्या हातची भाकरी खाल्ली.

*

सकाळी सगळा भोईवाडा डोहावर होता. कोणी बोलावलं नव्हतं. बाया लुगड्याचे काचे मारून उथळ पाण्यात उभ्या, पुरुष खडकावर. पाणी काळंशार आणि गप्प. नानांनी तालुक्यातून तीन पंच आणले होते, तिघांच्याही डोक्यावर नव्या टोप्या.

खात्याची होडी अनेरलाच फुटली होती. डोहावर होडी एकच, फुईची. ती तिच्यात बसून होती, वल्हं आडवं मांडीवर.

"सुपडाबाई, होडी लागेल," साहेब म्हणाले.

"होडी माझी, दोर तुमचा, पाणी तापीचं. तीन धनी झाले, साहेब. होडीनं कोणाचं ऐकायचं?"

"सरकारचं काम आहे."

"मग सरकारला म्हणा, पोहत ये."

खडकावरचे हसले. नाना पुढं झाले. "म्हातारे, शब्द जपून. ही वाळू सरकारची आहे. उद्या वाडी करायला उतरशील तेव्हा परवाना मागतील."

"आषाढात येते तापी, नाना. दर साली वाळू पुसून जाते. तिला कधी परवाना मागितला तुझ्या सरकारनं?"

"नाटक पुरे. ए खलाशी, काढ हिला होडीतून."

खलाशी हलला नाही. त्यानं पायाखालची वाळू बघितली. बाया पाण्यात एक पाऊल पुढं आल्या, सगळ्या एकदम, जशा रोपं लावताना सरकतात. मला कळलं की आता धक्काबुक्की होणार, पोलीस येणार, मग उद्या दुसरी होडी येणार. आणि आकडा लिहिला जाणार.

"फुई, होडी दे," मी म्हणाले. "मी जाते."

ती माझ्याकडं बघत राहिली. सगळा भोईवाडा बघत राहिला. कोणीतरी बाई मागून म्हणाली, "शिकली ना पोरगी, आता मोजणारच."  फुई उठली, वल्हं माझ्या हातात दिलं आणि पाण्यात उतरून काठावर आली. जाताना तिचा ओला पदर माझ्या हाताला लागला.

होडीत मी आणि साहेब. खात्याचा दोर गुंडाळी करून माझ्या पायाशी, त्याला हाताहातावर पितळी खुणा, टोकाला शिशाचा गोळा. मी वल्हवत मध्यावर आले. तीच जागा. मागच्या खेपेला जिथं हसले होते ती.

"सोडा," साहेब म्हणाले.

मी गोळा उचलला. थंड होता. दुसऱ्या हातात दोराची सगळी गुंडाळी घेतली. आणि दोन्ही हात उघडले.

गोळा बुडाला. मागोमाग गुंडाळी उलगडत गेली, पितळी खुणा एकेक करून चमकल्या, शेवटचं टोक सापाच्या शेपटीसारखं वळलं आणि दिसेनासं झालं. वर बुडबुडे आले. मग तेही थांबले.

"गिरिजाबाई," साहेब हळू म्हणाले.

"तळ लागला नाही, साहेब. लिहा."

"दोराचं टोक धरायचं असतं."

"माहीत आहे. महिनाभर तेच करतेय."

"तुमच्या वहीत बावीस हात आहेत. माझी सही आहे त्यावर."

मी वही उघडली. अकरावं पान फाडलं आणि पाण्यावर ठेवलं. ते थोडा वेळ तरंगलं, शाई निळी पसरली, आधी आकडा गेला, मग नाव.

"पान फाडून काय होणार? आकडा माझ्या डोक्यात आहे."

"मग तुमच्या हातानं लिहा. तुम्हाला कोणी अडवलं नाही. माझ्या हातानं नाही."

"कशासाठी हे? नोकरी पक्की होत होती तुमची. मी शिफारस लिहून ठेवली होती."

"काल तुम्ही दारात उभे होता, साहेब. खलाशानं सुरी काढली तेव्हा. तुम्ही का नाही म्हणालात, काप म्हणून?"

 काठावरून नाना ओरडत होते, "किती आलं? किती आलं, साहेब?" त्याच वेळी होडीच्या पलीकडं पाणी उघडलं. एक खडस वर आला, माझ्या हाताएवढ्या लांबीचा, सोनेरी. ऊन त्याच्या खवल्यांवरून फिरलं आणि तो शांतपणे खाली गेला. त्याला आमचं काही पडलं नव्हतं.

साहेब त्या जागेकडं बराच वेळ बघत राहिले. मग त्यांनी पेनाचं टोपण काढलं, तक्त्यावर लिहिलं आणि मला वाचता येईल असा तक्ता फिरवला. "घंटी ते करंजी: एक डोह. साधन पाण्यात गेल्यामुळे मोजणी झाली नाही." खोलीच्या रकान्यात त्यांनी काही लिहिलं नाही.

"उद्यापासून येऊ नका," ते म्हणाले.

"नाही येणार."

काठाला लागलो तेव्हा नाना तांबडेलाल झाले होते. "दुसरा दोर आणा. सुतळी आणा. गावात दोर नाहीत का?"

"गावात दोर पुष्कळ आहेत, नाना," फुई म्हणाली. "द्यायचे नाहीत. तुला घाई असेल तर तूच उतर. ताठ उभा राहा मधोमध. टोपी बुडाली की आम्ही सांगू किती ते."

नव्या टोप्यांचे पंचसुद्धा हसले. साहेबांनी जीपकडं चालायला सुरुवात केली. "यादी वीसला जायची आहे," ते मागं न बघता म्हणाले. "दोर जिल्ह्याहून येईपर्यंत पंचवीस तारीख उजाडेल. चला, नाना."

बायांनी गायला घेतलं, पाण्यातच उभ्या राहून. मुलताईपासून. जीपचा आवाज जाईपर्यंत त्या गिरणेशी पोचल्या होत्या.

यादी तशीच गेली. त्या ज्येष्ठात घंटीवर आणि करंजीवर सुरुंग उडाले. आवाज वाडीपर्यंत आले, आणि चार दिवस पांढरी पोटं उलटी वाहत खाली आली. लहान, बोटाएवढीसुद्धा. आषाढात मात्र अनेरच्या तोंडाशी पाठी दिसल्या. कमी होत्या. पण होत्या. पुढं सरकारनं दर वर्षी तीच यादी उतरवून काढली, आणि रिकामा रकाना रिकामाच उतरत गेला.

*

माझ्यावर ओवी झाली. "गिरजाबाईनं दोर सोडला, डोह सोडला नाही गं..." लग्नांत गात, वाड्यांत गात. मी शिरपूरला शाळेत लागले, भूगोल शिकवू लागले. सुट्टीत घरी आले की पोरी मला बघायला यायच्या. मी बसून ऐकायचे आणि चटई नखानं उसवत राहायचे. फुई ती ओवी कधी गायली नाही. बाकीच्या गायला लागल्या की ती उठून वेलांना पाणी घालायला जायची.

एकोणीस वर्षं गेली. खाली बंधारा झाला आणि पाणी वर चढलं. हत्तीडोह, सासूचा, घंटी, करंजी, सगळे एका पाण्याखाली गेले. वाळू गेली, वाड्या गेल्या. आता वैशाखातही काठाशी उभं राहिलं की समोर नुसतं सपाट पाणी.

फुईला दिसत नव्हतं तेव्हा. मी तिला हात धरून काठावर आणलं होतं. आषाढ लागला होता, अनेरला पहिलं गढूळ पाणी आलंय असं कोणीतरी सांगितलं होतं, आणि पोरं तिकडं पळाली होती. लांबून त्यांचा ओरडा ऐकू येत होता. मोजत होती पोरं. आठ, नऊ, दहा.

"दिसल्या वाटतं पाठी," फुई म्हणाली.

"दिसल्या."

ती गायला लागली. मुलताईपासून. आवाज फाटला होता, पण नदी कुठं चुकली नाही. घंटीशी आली. करंजीवर गेली. मधे श्वास घेतला, तेवढाच.

"फुई," मी म्हणाले. "तो डोह मी मोजला होता. साहेब यायच्या तीन दिवस आधी. तुझ्या होडीतून, तुझ्याच दोरानं. वहीत मी लिहिलं. त्यांना मी सांगितलं, विमानानं नाही."

 पाण्यावरून वारा आला, तिचे पांढरे केस तोंडावर आले, ते तिनं बाजूला केले.

"किती भरला?" तिनं विचारलं.

भोईवाड्यातल्या कोणा मोठ्या माणसानं कधी तोंडून काढला नव्हता असा तो प्रश्न होता, आणि तो तिनं विचारला.

"बावीस हात."

फुई हसली. दात नव्हते, हसू सगळ्या तोंडभर पसरलं. तिनं चाचपत माझा हात शोधला आणि घट्ट धरला.

"बावीसवर तळ नाही, खडकाची पायरी आहे, वं," ती म्हणाली. "माझाही दगड आधी तिथंच बसला होता."